कंचनीचा दिवा : अद्भुतकथेतील प्रकाश आणि काळ यांविषयी

मराठी कथेत एक घटित पुन:पुन्हा भेटते. ओळखीच्या वाटेने चाललेल्या माणसाला एकाएकी उजेडाचा रंग निराळा वाटू लागतो, सावल्या भलत्या दिशेला पडतात, मनगटावरचे घड्याळ थांबते. आणि तो घरी परततो तेव्हा गावात एक रात्र नव्हे, कित्येक वर्षे उलटून गेलेली असतात. नारायण धारप (१९२५–२००८) आणि रत्नाकर मतकरी (१९३८–२०२०) यांनी वाचकांना गूढाची गोडी लावली, डॉ. जयंत नारळीकर (१९३८–२०२५) यांनी त्याच कुतूहलाला विज्ञानाचे अधिष्ठान दिले. त्यानंतर प्रकाश वाकवणारे आणि काळ ताणणारे हे घटित कथास्पर्धांपासून दूरचित्रवाणीवरील मालिकांपर्यंत सर्वत्र संचार करू लागले.

आपल्या समीक्षेने मात्र त्याची दखल दोनच प्रकारे घेतली. एक तर हा करमणुकीचा प्रांत म्हणून त्याकडे पाठ फिरवली, नाही तर त्यातील विज्ञान बरोबर की चूक एवढेच तपासले. या दोन्ही भूमिकांतून एक साधा वाङ्मयीन प्रश्न निसटतो : असे घटित साहित्य केव्हा होते, आणि नुसती हातचलाखी केव्हा राहते?

आमचे मत थोडक्यात असे आहे. प्रकाश किती वाकला आणि काळ किती थांबला, यावर कथेचे मोल ठरत नाही. जो काळ हरवला किंवा जो जादा मिळाला तो कोणाचा होता, आणि त्याची भरपाई अखेर कोणाला करावी लागली, हा हिशेब कथा मांडते की टाळते, यावर ते ठरते. हे मत तपासून पाहण्यासाठी प्रथम विदर्भातील एका गावाकडे वळू, कारण तेथे हे घटित छापील कथेच्या कितीतरी आधीपासून लोकांच्या तोंडी आहे.

१

बुलढाणा जिल्ह्यातील मेहकर हे पैनगंगेच्या काठचे जुने गाव. शार्ङ्गधर बालाजीच्या भव्य मूर्तीसाठी ते प्रसिद्ध आहे. ही मूर्ती १८८८ साली तेथे जमिनीत सापडली. याच गावात 'कंचनीचा महाल' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या वास्तूचे अवशेष आहेत. किनारपट्टीवरील आमच्या बहुतेक वाचकांना मेहकर दूरचे. म्हणून तेथली दंतकथा येथे सांगणे आवश्यक आहे.

कंचनी नावाची एक नर्तकी होती. तिने महाल बांधायला घेतला, आणि तिची इच्छा अशी की, महालाच्या माथ्यावर उभे राहिले असता लोणारच्या देवीपुढचा दिवा दिसावा. कथेचा गाभा एवढाच. शेवट सांगणाऱ्यागणिक पालटतो. परंतु पडका महाल डोळ्यांसमोर असल्यामुळे कोणत्याही सांगणाऱ्याला तो सुखाचा करता येत नाही.

या चार वाक्यांच्या कथेत किती गोष्टी दडलेल्या आहेत ते पाहावे. पहिली गोष्ट नावाची. 'कंचनी' हा शब्दच मुळी नाचणाऱ्या स्त्रीचा, कलावंतिणीचा वाचक आहे. म्हणजे लोकस्मृतीने जिचे नाव जपले असे आपण समजतो, तिचे नाव कदाचित कधीच जपले गेले नसावे. जपला गेला तो तिचा व्यवसाय. दिवा पाहण्याची इच्छा कथेने राजाला दिली नाही, सरदाराला दिली नाही, जिच्याकडे सारे गाव पाहत असे त्या स्त्रीला दिली. जिच्याकडे पाहिले जाते तिलाच काहीतरी पाहावेसे वाटले, हे या कथेचे बीज आहे, आणि ते आम्हाला फार मोलाचे वाटते.

दुसरी गोष्ट दिव्याची. सांगणारे ज्या कमळजा देवीचे नाव घेतात तिचे देऊळ लोणारच्या विवरात, अगदी खाली पाण्याच्या कडेला आहे. विवराचा व्यास सुमारे १.८ किलोमीटर, आणि काठापासून पाण्यापर्यंतची खोली सव्वाशे ते दीडशे मीटर. मेहकरापासून लोणार सरळ रेषेत सुमारे २० किलोमीटर. आता शाळेतले त्रैराशिक मांडावे. पलीकडच्या तीरावरचा, म्हणजे पाहणाऱ्याला सर्वांत सोयीचा दिवा धरला तरी अलीकडच्या काठावरून त्याच्यापर्यंत दृष्टी पोचण्यासाठी मेहकरचा महाल दीड किलोमीटरहून उंच हवा. आज जगात सर्वांत उंच असलेली दुबईची बुर्ज खलिफा ही इमारत ८२८ मीटर आहे. तिच्या जवळजवळ दुप्पट. दिवा अलीकडच्या तीरावर असेल तर गणित याहूनही अवघड.

तेव्हा कंचनीला दिवा दिसायचा असेल तर एकच मार्ग उरतो : विवराच्या कडेवरून प्रकाशाने वाकून यायला हवे. कथा हे शब्दांत कोठेच सांगत नाही. तिला त्याची गरजही नाही. लोककथाकाराला विवराची खोली पायांनी ठाऊक होती. त्या उतारावरून तो चढला-उतरला होता. खड्ड्याच्या तळाशी असलेला दिवा दुसऱ्या गावाहून दिसत नाही हे त्याला कळत नव्हते असे मानणे म्हणजे त्याला भोळा ठरवणे होय. त्याने जाणूनबुजून दिसू न शकणारा दिवा निवडला. सोयीचा दिवा निवडला असता तर ती एका इमारतीची हकीकत झाली असती. हा निवडल्यामुळे ती एका इच्छेची कथा झाली.

मेहकरचे कवी ना. घ. देशपांडे (१९०९–२०००) महाराष्ट्राला ठाऊक आहेत ते 'शीळ'चे कवी म्हणून. 'खूणगाठी'साठी त्यांना १९८६ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. उतारवयात या कवीचे 'कंचनीचा महाल' हे पुस्तक १९९६ साली प्रसिद्ध झाले. भावगीताच्या अल्पाक्षरी वळणासाठी नावाजलेल्या कवीला आपल्या गावची ही दंतकथा दीर्घकवितेच्या मोलाची वाटली, ही बाब समीक्षकांनी ध्यानात घेण्यासारखी आहे. जी कथा दोन मिनिटांत सांगून संपते तिच्यात एका कवीचे आयुष्यभराचे शेजारपण मावते, ते तिच्यातल्या न सांगितलेल्या भागामुळे.

२

दिवा ज्या विवरात जळतो त्या विवराचीही एक कथा आहे, आणि तीही प्रकाश व काळ यांचीच आहे. पुराणकथा म्हणते की येथे लवणासुराचे भुयार होते. विष्णूने दैत्यसूदनाचे रूप घेऊन त्याचा वध केला, आणि सरोवराचे खारे पाणी हे त्या असुराचे रक्त. लोणार गावातील दैत्यसूदनाच्या देवळात मे महिन्याच्या मध्यास काही दिवस सूर्यकिरण आत मूर्तीपर्यंत पोचतात. तेथे प्रकाश पंचांग पाळतो. कंचनीच्या कथेत त्याने नियम मोडावा अशी अपेक्षा आहे, आणि येथे त्याने दरवर्षी नियम पाळला म्हणून लोक हात जोडतात. अद्भुताची ही दोन टोके एकाच जिल्ह्यात नांदतात.

विज्ञानाने सांगितलेली कथाही कमी अद्भुत नाही. बेसाल्टच्या कठीण खडकावर अशनी आदळून हे विवर झाले. केव्हा झाले, याचे एक उत्तर थर्मोल्युमिनेसन्स या पद्धतीने मिळाले. आघाताने वितळून थिजलेल्या काचेत आसपासच्या किरणोत्सारामुळे ऊर्जा साठत जाते. काच पुन्हा तापवली की ती ऊर्जा मंद उजेडाच्या रूपाने बाहेर पडते, आणि त्या उजेडाच्या प्रमाणावरून काचेचे वय काढता येते. म्हणजे दगडात साठलेल्या उजेडाने काळ मोजायचा. या रीतीने लोणारचे वय सुमारे ५२ हजार वर्षे आले. पुढे आर्गॉन वायूच्या समस्थानिकांवरून मोजणी झाली आणि २०११ साली प्रसिद्ध झालेल्या त्या संशोधनाने वय सुमारे ५ लाख ७० हजार वर्षे सांगितले. एकच खड्डा, आणि दोन मोजण्यांत दहापटींहून अधिक अंतर.

जून २०२० मध्ये या सरोवराचे पाणी एकाएकी गुलाबी झाले. लोणासुराच्या रक्ताची आठवण निघाल्यावाचून कशी राहील? पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने पाणी तपासले, आणि क्षार वाढल्यामुळे वाढलेल्या हॅलोआर्किया या सूक्ष्मजीवांचे रंगद्रव्य हे त्याचे कारण ठरले. पावसाने पाणी वाढले तसा रंग ओसरला.

हे सारे आम्ही एवढ्यासाठीच नमूद करतो की, आजच्या लेखकाने केवळ आश्चर्याच्या भांडवलावर कथा उभी करू नये. पाण्याचा रंग बदलला, युगे पुढेमागे झाली, एवढ्याने वाचक थक्क व्हायला हवा असेल तर प्रत्यक्ष लोणारने कथाकाराला केव्हाच मागे टाकले आहे. कथेला याहून निराळे काही करायला हवे. ते काय, याचे उत्तर जुन्या ग्रंथांत मिळते.

३

भागवतातील ककुद्मी राजा आणि त्याची कन्या रेवती यांची कथा सर्वपरिचित आहे. मुलीला योग्य वर कोणता हे विचारायला राजा तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तेथे गंधर्वांचे गायन चाललेले असते, तो थांबतो. गायन संपल्यावर प्रश्न विचारतो, तेव्हा ब्रह्मदेव हसतो. तेवढ्या वेळात पृथ्वीवर २७ चतुर्युगे लोटलेली असतात. मनात योजलेले वरच काय, त्यांची नातवंडे-पतवंडेही उरलेली नसतात.

ही कथा सापेक्षतावादाची पूर्वसूचना म्हणून सांगण्याची आपल्याकडे हौस आहे. त्या वादात आम्हाला स्वारस्य नाही. आम्हाला लक्षणीय वाटते ते वेगळेच. राजाला ब्रह्मदेवाचे उत्तर मिळते, जावई म्हणून बलराम मिळतो, आणि तो बदरीला तपाला जातो. रेवतीचे काय? तिच्या मैत्रिणी, तिची माता, तिचे अंगण, सगळे एका गाण्याच्या अवधीत नाहीसे झाले. आणि गाणे ऐकायला थांबण्याचा निर्णय तिचा नव्हता. पुराणकार तिला एक शब्द बोलू देत नाही. तरीही कथेच्या पोटात हिशेब उमटतोच : विष्णुपुराण सांगते की, आधीच्या युगातली म्हणून ती फार उंच होती, आणि बलरामाने नांगराच्या टोकाने तिला खाली आणून त्या काळच्या स्त्रियांएवढी केली. काळाचा फरक शेवटी तिच्या देहातून वळता झाला. हसण्यावारी नेला जाणारा हा तपशील आम्हाला त्या कथेचा सर्वांत करुण भाग वाटतो.

महाभारतातील जयद्रथवधात हिशेब अधिक उघड आहे. सूर्यास्तापूर्वी जयद्रथाला मारीन, नाही तर अग्निप्रवेश करीन, ही अर्जुनाची प्रतिज्ञा. श्रीकृष्ण सूर्य झाकतो. अंधार पडला असे वाटून जयद्रथ मान वर काढतो. आणि 'हा सूर्य आणि हा जयद्रथ' ही म्हण मराठीला मिळते. आपण म्हणीपाशीच थांबतो. व्यास थांबत नाहीत. त्याच दिवशी खरा सूर्य मावळल्यावरही युद्ध थांबत नाही. मशाली पेटवून रात्रभर लढाई होते, आणि त्या रात्री घटोत्कच पडतो. सूर्यास्ताला युद्ध थांबावे ही मर्यादा होती. सूर्यास्ताचाच भास निर्माण केल्यावर ती मर्यादा टिकली नाही. हा कार्यकारणभाव व्यास बोलून दाखवीत नाहीत, केवळ प्रसंगांची मांडणी करतात. एकदा उजेडाशी खेळ केला की रात्र कोणाच्याच हाती राहत नाही, हे वाचकाने स्वत: जुळवायचे.

आमच्या वाचकांच्या अधिक परिचयाची अशीच एक मांडणी पवित्र शास्त्रातील राजांच्या दुसऱ्या पुस्तकात आहे. हिज्कीया राजा मरणोन्मुख आहे. घराची निरवानिरव कर, असे यशया संदेष्टा त्याला सांगतो. राजा भिंतीकडे तोंड करून रडतो, प्रार्थना करतो, आणि त्याला १५ वर्षांचे आयुष्य वाढवून मिळते. खूण म्हणून आहाजाच्या पायऱ्यांवरची सावली १० पायऱ्या मागे सरते. प्रकाश आणि काळ यांची उलटी चाल इतक्या थोड्या शब्दांत क्वचितच कोणी रंगवली असेल.

बहुतेक प्रवचने येथे थांबतात. परंतु ग्रंथकार पुढे जातो, आणि वाचकाने त्याच्यामागे जावे अशी आमची विनंती आहे. बरा झालेला राजा बाबेलच्या दूतांना आपले सारे भांडार हौसेने दाखवतो. एक दिवस हे सगळे बाबेलला नेले जाईल, असे यशया बजावतो. त्यावर, माझ्या हयातीत तरी शांतता राहील ना, एवढेच राजाला पुरेसे वाटते. पुढच्याच अध्यायात त्याचा पुत्र मनश्शे गादीवर येतो तेव्हा त्याचे वय १२ वर्षे दिले आहे. वाचकाने १५ मधून १२ वजा करावेत. मनश्शे त्या वाढीव वर्षांतच जन्मला, आणि यहूदाच्या राजांत त्याच्याइतका दुराचारी दुसरा क्वचितच सांगितला आहे. ग्रंथकार देवाच्या कृपेला दोष देत नाही, राजाच्या अश्रूंनाही देत नाही. तो दोन आकडे जवळजवळ ठेवतो. मिळालेला काळ हा कोरा नसतो, त्यात माणूस काहीतरी करतो आणि त्याची फळे मागून येणाऱ्यांना भोगावी लागतात, ही जाणीव त्या दोन आकड्यांतून होते.

ख्रिस्ती परंपरेतील एफिसच्या सात निद्रिस्तांची आख्यायिका याच जातीची, पण मृदू आहे. सम्राट डेसियसच्या छळापासून (त्याची कारकीर्द २४९–२५१) लपलेले सात तरुण गुहेत झोपी जातात आणि दुसऱ्या थिओडोसियसच्या काळात जागे होतात. त्यांना वाटते एकच रात्र गेली. त्यांच्यातला एक जण भाकरी आणायला शहरात जातो आणि खिशातले नाणे पुढे करतो. नाणे फार जुने. लोकांना वाटते याला पुरलेले धन सापडले. तो आपल्या नातलगांची नावे सांगतो, आणि त्या नावांचे कोणीच उरलेले नसते. चमत्काराची साक्ष आकाशातून न देता भाकरीच्या दुकानातल्या नाण्याने द्यावी, ही त्या अनामिक कथाकाराची सूझ असामान्य आहे. हाच वृत्तान्त निराळ्या रूपाने कुराणातही आला, आणि दोन्ही परंपरांत तो टिकला, याचे श्रेय आमच्या मते त्या नाण्यासारख्या तपशिलांना आहे.

४

आधुनिक काळात धर्मग्रंथांची चौकट नसताना हा हिशेब कसा मांडता येतो? अमेरिकन लेखक लव्हक्राफ्ट याची १९२७ साली प्रसिद्ध झालेली एक कथा आहे; तिचे नाव मराठीत 'अवकाशातून आलेला रंग' असे होईल. एका शेतात उल्का पडते. तिच्यात असा रंग असतो की जो कोणत्याही ज्ञात वर्णपटात बसत नाही. पहिल्या वर्षी फळे मोठी आणि तजेलदार येतात, पण तोंडात घालवत नाहीत. मग झाडे रात्री मंद उजळू लागतात, गुरे करडी पडून मोडतात, विहिरीचे पाणी बिघडते, आणि ते पिणारे शेतकरी कुटुंब एकेक करून संपते.

लोणारच्या गुलाबी पाण्याची बातमी वाचताना ज्यांना ही कथा आठवली असेल, त्यांनी एक फरकही पाहावा. लव्हक्राफ्टचा रंग कोणालाच समजत नाही. लोणारचा रंग काही आठवड्यांत समजला. पण लव्हक्राफ्टची कथा रंगाच्या नवलावर उभी नाहीच. ती उभी आहे त्या घरावर : दिवसेंदिवस वाळत जाणारी माणसे, त्यांना भेटायला येणारा एकुलता शेजारी, आणि संकट दिसत असूनही शेत सोडून जाता न येणे. कथेच्या अखेरीस ती जमीन एका जलाशयाखाली जायची असते, आणि निवेदक म्हणतो की त्या शहराचे पाणी मी पिणार नाही. अज्ञात रंगाची किंमत अजून कोणीतरी द्यायची आहे, ही भीती आपल्या मनात राहते. भयकथाकार म्हणून लव्हक्राफ्टच्या मर्यादा अनेक आहेत, परंतु येथे त्याने हिशेब पुरा मांडला आहे.

मराठीत या वाटेवरचा मैलाचा दगड म्हणजे नारळीकरांची 'कृष्णविवर' ही कथा. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेसाठी त्यांनी ती नारायण विनायक जगताप या टोपणनावाने पाठवली आणि तिला पहिले पारितोषिक मिळाले. प्रचंड गुरुत्वाकर्षणाजवळ काळ मंदावतो, हे शास्त्रीय सत्य या कथेने मराठी वाचकाच्या घरात आणले. त्यानंतर काळ थांबवण्यासाठी मराठी लेखकाला शाप, वर किंवा पिशाच यांची गरज उरली नाही.

हे सत्य किती सर्वव्यापी आहे ते पाहण्यासारखे आहे. २९ मे १९१९ च्या खग्रास सूर्यग्रहणात सूर्याजवळून येणारा ताऱ्यांचा प्रकाश वाकतो हे मोजले गेले. आज मार्ग दाखवणाऱ्या उपग्रहांवरील घड्याळे पृथ्वीवरच्या घड्याळांहून दररोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात, आणि ती दुरुस्ती केल्यावाचून नकाशा चालत नाही. मावळता सूर्य क्षितिजाला टेकलेला आपल्याला दिसतो तेव्हा तो खरोखर क्षितिजाखाली गेलेला असतो. हवेने वाकवलेला उजेडच आपण पाहतो. इतकेच काय, लोणारच्या तळाशी काळ काठापेक्षा वर्षाला सेकंदाच्या सुमारे २० लाखाव्या भागाइतका सावकाश चालतो. कमळजेचा दिवा खरोखरच काठावरच्या दिव्यापेक्षा किंचित मंद काळात जळतो.

विज्ञानाने अशा रीतीने अद्भुताला घरचे करून टाकले. ही सोय दुधारी आहे. शापाच्या कथेत निदान शाप देणारा आणि भोगणारा असतो. अपराध आणि फळ यांचे नाते आपोआप येते. समीकरण कोणावर रागावत नाही. म्हणून ज्या लेखकाने शापाच्या जागी समीकरण घेतले त्याच्यावर हिशेबाची जबाबदारी वाढते, कमी होत नाही. नारळीकरांच्या मागून आलेल्या पुष्कळ लेखकांनी समीकरण उचलले आणि ही जबाबदारी तेथेच ठेवली, असे आम्हाला खेदाने म्हणावे लागते.

५

अलीकडच्या अशा कथा वाचताना काही खुणा ठळकपणे दिसतात. नायक बहुधा एकटा असतो. त्याला आई-बाप, कर्ज, आजारी बहीण, राखायचे शेत यांपैकी काही नसते. त्यामुळे त्याची ३० वर्षे गेली तरी कोणाचेच काही जात नाही. काळ मागे नेण्याची सोय झाली की पहिला उपयोग मृत्यू टाळण्यासाठी होतो, आणि मृत्यू टळल्यावर कथा संपते. हिज्कीयाची कथा जेथे सुरू होते तेथे या कथांचा पूर्णविराम पडतो. दृश्य माध्यमांत तर निळ्या-जांभळ्या उजेडाने सारे काम भागते. घड्याळाचा काटा उलटा फिरला की प्रेक्षकाने दचकावे आणि पुढच्या भागाची वाट पाहावी.

यावर असे उत्तर दिले जाते की, करमणुकीच्या कथेकडून एवढी अपेक्षा कशाला? हे उत्तर आम्हाला मान्य नाही. सात निद्रिस्तांची कथा करमणुकीचीच होती. कंचनीची कथा अंगणात सांगितली जाते. जयद्रथाची गोष्ट कीर्तनात हशा आणि टाळ्या घेते. लोकांच्या करमणुकीने हा हिशेब शतकानुशतके नीट सांभाळला आहे. तो टाकून देण्याची मुभा आपण आजच्या लेखकाला द्यावी, असे कोणतेही कारण नाही.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. प्रत्येक अद्भुताची किंमत चुकवायला लावणे म्हणजे कथेला नीतिपाठ बनवणे नव्हे काय? आमच्या मते नव्हे. नीतिपाठात लेखक निकाल सांगतो. येथे निकाल सांगण्याची गरज नाही. झळ कोणाला लागली एवढे दाखवावे लागते. व्यास कृष्णाला दोषी ठरवीत नाहीत, राजांचा इतिहासकार हिज्कीयाला ठरवीत नाही, पुराणकार तर रेवतीकडे पाहतही नाही. तरी त्या कथा वाचून आपण अस्वस्थ होतो, कारण तपशील लपवलेले नाहीत.

या प्रश्नाकडे आम्ही इतक्या आग्रहाने वळलो त्याला कारण आहे. आजाऱ्याच्या उशाशी बसून घड्याळ थोडे मागे फिरावे, अशी इच्छा ज्या घरात कोणी कधीच केली नाही असे घर विरळा. दवाखान्याच्या बाकावर ती इच्छा केली जाते, स्मशानभूमीतून परतताना केली जाते. प्रकाश आणि काळ यांचा नियम मोडणारी प्रत्येक कथा, लेखकाच्या ध्यानी असो वा नसो, त्या इच्छेशीच बोलत असते. जी कथा ती इच्छा फुकट पुरवते ती त्या बाकावरच्या माणसाला क्षणभर भुलवते आणि मग अधिक एकटा करते. जी कथा सांगते की वाढीव १५ वर्षे मिळाली असती तरी ती आपल्यालाच जगावी लागली असती, आपल्याच स्वभावाने आणि आपल्याच चुकांसह, ती त्याची खरी सोबत करते. या दोहोंतला फरक ओळखणे हे समीक्षेचे काम आहे, आणि तो ओळखताना विज्ञान बरोबर की चूक हा प्रश्न दुय्यम ठरतो.

मराठी लेखकाला यासाठी परदेशी विश्वांची उसनवारी करण्याचे कारण नाही. जेथे दगडात उजेड साठतो, जेथे वयाचे आकडे दहापट बदलतात, जेथे पाणी एका महिन्यात रंग पालटते, असे विवर त्याच्या भाषेच्या मुलखात आहे. त्याच्यापासून २० किलोमीटरवर एका स्त्रीची कथा आहे, जिचे खरे नाव कोणाला ठाऊक नाही. तिचा महाल नक्की किती उंच होता हे आम्हाला महत्त्वाचे वाटत नाही. महाल बांधण्यात तिची किती वर्षे गेली, त्या वर्षांत तिच्या पायांतली घुंगरे कोणी बांधली की ती तशीच पडून राहिली, आणि माथ्यावर पोचल्यावर तिला दिवा दिसला असेल तर तो पाहून ती कोणाला सांगायला खाली आली असेल, हे प्रश्न अजून मोकळे आहेत. त्यांची उत्तरे कल्पनेनेच द्यावी लागतील. ती देणाऱ्या कथेची आम्ही वाट पाहत आहोत.